पापाचं नाव घ्या

ग्लासवर चमचा वाजवत तो उभा राहिला, तेव्हा मला वाटलं, आता आमचं अभिनंदन होणार.

शनिवारची प्रार्थना संपली होती. सिनेगॉगच्या मागच्या हॉलमध्ये टेबलं मांडली होती. खारवलेले हेरिंग मासे, फिशबॉल्स, स्पंजकेक, छोट्या ग्लासांतून गोड वाइन. माझं जोनाथनशी लग्न ठरलं होतं, म्हणून त्या दिवशीचं खाणंपिणं त्याच्या आईकडून होतं. माझ्या आईने गव्हाच्या चिकाचा हलवा केला होता, नारळाच्या दुधातला. शनिवारी काही उचलून न्यायचं नाही म्हणून शुक्रवारीच ईलिंगच्या आमच्या घरून बसने नेऊन ठेवला होता. ते ताट कोणीतरी उचलून खिडकीत, पडद्यामागे ठेवलं होतं. बाकीच्या बायकांचे केक टेबलावर होते.

चमचा वाजवणारा वॉर्डन होता. वॉर्डन म्हणजे सिनेगॉगचा कारभारी. कोणी कुठे बसायचं, तोरा हा धर्मग्रंथ वाचायला कोणाला पुढे बोलवायचं, सगळं त्याच्या हातात. उंच, गोरापान, कोटाच्या खिशात रेशमी रुमाल. तो म्हणाला, "आपल्या जोनाथनने भारतातून एक गोड मुलगी शोधून आणली आहे. आणि घाबरू नका, लग्नाआधी ती प्रॉपर्ली ज्यूइश होणार आहे. तेव्हा लेडीज, लग्नासाठी हॅट विकत घ्यायला हरकत नाही."

हॉल हसला. शंभरेक माणसं असतील. जोनाथन हसला.

मीसुद्धा हसले.

हे लिहायला हात धजत नाही, पण लिहिते. दात दाखवून हसले मी. मेलं ते हसू आजही मला आठवतं आणि अंगाची लाही होते. शेजारी आई उभी होती, हातात कागदी प्लेट. तिचं इंग्रजी कामापुरतं. तिने विचारलं, "काय म्हणाला गं तो?"

"काही नाही. अभिनंदन करतोय."

आई त्याच्याकडे बघून मान लववून हसली. तिने त्याचे आभार मानले, माझ्यादेखत.

आता आम्ही कोण ते सांगते. आम्ही बेने इस्रायल. कोकणातले ज्यू. आमची भाषा मराठी, आमच्या बायका लुगडं नेसायच्या, आणि आमचे लोक तेलाचे घाणे चालवायचे. शनिवारी घाणा बंद. म्हणून आजूबाजूचे लोक आम्हाला शनिवार तेली म्हणायचे. हे नाव आम्ही नाही घेतलं, शेजाऱ्यांनी दिलं. कुठलाही रॅबाय, म्हणजे ज्यू धर्मगुरू, आम्हाला सापडायच्या आधी आमचा शनिवार अख्ख्या अलिबाग तालुक्याला ठाऊक होता. आई सिनेगॉगला मशीद म्हणायची, जुन्या लोकांसारखं. मी आठ वर्षांची असताना पपांनी आम्हाला इंग्लंडला आणलं. पपा गेले, आम्ही दोघी राहिलो. मी हॉस्पिटलच्या लॅबमध्ये रक्त तपासायचे. आणि ह्यांना माझं रक्त तपासायचं होतं.

त्या आठवड्यात रॅबायने मला ऑफिसात बोलावलं. चांगला बोलला. चहा दिला. म्हणाला, तुमच्या लोकांबद्दल मला आदरच आहे. पण दोन हजार वर्षं तुमच्यात कोणी धर्मशास्त्र जाणणारा नव्हता. कुठल्या पिढीत कोणी कोणाशी लग्न केलं, घटस्फोट नीट झाले की नाही, कुणास ठाऊक. तेव्हा खबरदारी म्हणून विधिपूर्वक एकदा पाण्यात बुडी मारायची, एका फॉर्मवर सही करायची. झालं.

मी म्हटलं, "इस्रायलमध्ये हा वाद होऊन गेलाय. आमच्या लोकांनी धरणं धरलं, आणि सरकारला मान्य करावं लागलं."

"ते तिकडचं," तो म्हणाला. "इथे आम्ही थोडी जास्त काळजी घेतो. हा कायदा आहे, तालमूदमधला. तुला वाचता येणार नाही, नाहीतर दाखवला असता."

वाचता येणार नाही! डोक्यात अशी तिडीक गेली, की तो फॉर्म पर्समध्ये कोंबून मी बाहेर पडले. बस स्टॉपवर पोचेपर्यंत ठरवलं होतं, वाचायचं. ज्या पुस्तकाने मला हाणता, ते मला बघू दे तरी.

दर मंगळवारी संध्याकाळी सिनेगॉगच्या मागच्या खोलीत तालमूदचा, म्हणजे धर्मशास्त्राच्या त्या जुन्या ग्रंथाचा, वर्ग चालायचा. शिकवायचे मिस्टर फिंक. युरोपातून लहानपणी पळून आलेला म्हातारा, पडद्यांच्या कापडाचं दुकान चालवायचा. आठ-दहा पुरुष टेबलाभोवती. बायकांना बंदी नव्हती, पण बाई यायची नाही. मी गेले. कोणीतरी खुर्ची दाराजवळ सरकवून दिली. मिस्टर फिंकने चष्म्यावरून पाहिलं आणि म्हणाले, "तिथून अक्षरं दिसणार आहेत का तिला? इकडे बस."

त्या माणसाने मला वाचायला शिकवलं. हिब्रू प्रार्थनेपुरतं मला येत होतं, पण तालमूदची अरामी भाषा वेगळी. न विरामचिन्हं, न धड सुरुवात, न शेवट. मधोमध चार ओळी आणि चारी बाजूंनी हजार वर्षं भांडणारी माणसं. हे मला आवडलं. खरंच आवडलं. आमच्या घरी प्रार्थना पाठ म्हणायची, वाद घालायचा नाही. इथे वाद हेच काम. लॅबमधून सुटले की ट्रेनमध्ये पान उघडून बसायचे. जोनाथन म्हणायचा, "फॉर्मवर सही कर म्हटलं तर तू रॅबाय व्हायला निघालीस." चेष्टेतच म्हणायचा. माणूस वाईट नव्हता तो.

उन्हाळ्यात आम्ही एका जागी आलो. चारचौघांत माणसाला लाजवणं म्हणजे त्याचं रक्त सांडणं, असं तिथे म्हटलंय. आणि का, तर एक पंडित म्हणतो, आम्ही पाहिलंय, लाजलेल्याच्या चेहऱ्यावरची लाली जाते आणि पांढरेपणा येतो.

सगळ्यांनी माना डोलावल्या. माझं तोंड आपोआप उघडलं.

"माझ्या चेहऱ्यावर दिसतं का?"

डोलणाऱ्या माना थांबल्या.

"मी सावळी आहे. माझी लाली गेली तर कोणाला कळणार? त्या दिवशी हॉलमध्ये शंभर माणसं होती. एकाला तरी रक्त दिसलं?"

टेबलाच्या टोकाला एक अकाउंटंट बसायचा, भला माणूस. तो घाईघाईने म्हणाला, "तुझं बरोबर आहे. हे इथेच लिहिलंय बघ, धर्मांतर करून आलेल्याला त्याच्या पूर्वजांवरून बोलायचं नाही. कन्व्हर्टचा अपमान मोठं पाप."

"पण मी कन्व्हर्ट नाहीच आहे!"

त्याला कळेचना त्याने काय चुकीचं म्हटलं. माझी बाजू घेणारेसुद्धा मला बाहेरूनच आत घेत होते. मिस्टर फिंकने घसा साफ केला आणि पुढची ओळ वाचायला घेतली. ते माझ्याकडे न बघता वाचत राहिले.

मग नव्या वर्षाचा सण आला. त्याच्यापासून दहाव्या दिवशी योम किप्पूर, प्रायश्चित्ताचा दिवस. आम्ही त्याला दारफाळणीचा सण म्हणतो. कोकणात त्या दिवशी घराची दारं लावून घ्यायची, उपास करायचा, कोणाकडे जायचं नाही, कोणी यायचं नाही. पण त्याआधीचे दिवस माफी मागायचे. कारण तालमूदचा नियम आहे. देवाविरुद्ध केलेलं पाप तो दिवस धुऊन काढतो. माणसाविरुद्ध केलेलं नाही. त्या माणसाला आधी राजी करावं लागतं. म्हणून त्या दिवसांत सिनेगॉगमध्ये जो तो भेटेल त्याला म्हणत असतो, काही चुकलं असेल तर माफ करा.

कोट अडकवायच्या खुंट्यांपाशी वॉर्डन मला भेटला. एका बाहीत हात घालत म्हणाला, "आणि हो, माय डिअर, वर्षभरात माझ्याकडून काही दुखावलं गेलं असेल, तर क्षमा असावी."

मी म्हटलं, "नो नो, इट्स ऑल राइट."

बघा. पुन्हा तेच. जिभेला हाडच नाही माझ्या. इंग्लंडमध्ये वाढलेल्या मुलीचं हे पहिलं वळण. कोणी पायावर पाय दिला तरी सॉरी आपणच म्हणायचं. त्याने दुसऱ्या बाहीत हात घातला आणि गेला. त्याचं वर्षभराचं पाप फिटलं, कोट घालता घालता.

त्याच आठवड्यातल्या मंगळवारी वर्गात प्रायश्चित्ताचं पान होतं. दोन पंडितांचा वाद. एक म्हणतो, पाप कबूल करायचं तर नाव घेऊन करायला हवं, मी अमुक केलं. दुसरा म्हणतो, गरज नाही. मी विचारलं, "हे देवापुढचं झालं. पण माणसापुढे? काही चुकलं असेल तर, असं म्हटलं की पुरे?"

मिस्टर फिंकनी दाढी खाजवली. "देवाला माहीत असतं तू काय केलंस. म्हणून तिथे वाद आहे."

"आणि माणसाला?"

"माणसाला कळायला हवं, की तुला माहीत आहे."

घरी जाताना पावलं नुसती पळत होती. वॉर्डनला माफी फुकट देऊन बसले होते मी, आणि ती माझी एकटीची नव्हती.

ती आणखी कोणाची होती ते दुसऱ्या दिवशी कळलं. मी कामावरून आले तर आई स्वयंपाकघरात चष्मा लावून बसलेली. पुढ्यात तो फॉर्म. माझी जुनी पर्स आवरताना सापडला होता. ओळीखाली बोट धरून ती वाचत होती, शाळेतल्या पोरीसारखी. एका जागी बोट थांबलं होतं. अर्जदाराच्या आईची ज्यू म्हणून ओळख. त्यापुढे टाइपरायटरने एक शब्द मारला होता. डाउटफुल.

"हे डाउटफुल कोण गं?" तिने विचारलं. "मी का?"

मी तिच्यासमोरची खुर्ची ओढून बसले.

"माझ्या आजीने शनिवारी कधी चूल पेटवली नाही. आदल्या दिवशीचं थंड खायची. ताप असला तरी थंड." तिचा आवाज चढला नव्हता. "तुला लग्न करायचंय तर मार बुडी. पाणीच आहे ते. पण हे कोणी लिहिलं? मला विचारलं का कोणी?"

"नाही विचारलं."

"त्या दिवशी तो चमचा वाजवून बोलला, ते हेच का?"

मग मी तिला सांगितलं. शब्दन् शब्द, मराठीत. आई ऐकत राहिली. शेवटी म्हणाली, "आणि मी त्याला थँक्यू म्हटलं." उठली, आणि बराच वेळ नळ सोडून तीच तीच वाटी घासत राहिली. मला इतकी लाज आयुष्यात कधी वाटली नव्हती. हॉलमध्येसुद्धा नाही. मी सही केली असती, तर ह्या बाईचा, तिच्या आईचा, त्या थंड खाणाऱ्या आजीचा धर्म माझ्या हाताने पुसला गेला असता, आणि तो कागद त्यांच्या कपाटात कायमचा राहिला असता.

शनिवारी मी वॉर्डनला पायऱ्यांवर गाठलं.

"मी तुम्हाला माफ केलं होतं. ते मागे घेते."

तो हसला. "असं मागे घेता येतं?"

"तुम्ही कशाची माफी मागितलीत ते सांगितलंच नव्हतं. आता सांगा."

"काय बोललो मी असा? बरं, पुन्हा म्हणतो. जे काही असेल त्याबद्दल सॉरी."

"जे काही नाही. जे बोललात ते. आणि जिथे बोललात तिथे, माझ्या आईसमोर."

त्याचा चेहरा लालबुंद झाला. त्याचा दिसतो. म्हणाला, "यंग लेडी, ती गंमत होती. तुमच्याकडे विनोद नसतो का?" आणि खाली उतरून गेला. दोनदा माफी मागून झाली होती.

तिसऱ्यांदा तो घरी आला. योम किप्पूरच्या आदल्या दुपारी. उपास सुरू व्हायला दोन-तीन तास होते, आईने न्हाऊन पांढरी साडी नेसली होती, मी भात लावत होते. बेल वाजली. दारात वॉर्डन, आणि मागे तीन पुरुष. तालमूदमध्ये तसंच आहे. समोरचा माफ करत नसेल तर तीन माणसं घेऊन जा. तीनदा मागा. तिसऱ्यांदाही नाही म्हणाला तर तुम्ही सुटलात, मग दोष त्याचा. तिघांत अकाउंटंट होता. जोनाथनचा मामा होता. आणि मिस्टर फिंक होते.

"सर, तुम्ही?"

त्यांनी खाली पाहिलं. म्हातारा माझ्या दाराच्या पायपुसण्याकडे बघत राहिला. माझा जीव तिळतिळ तुटला, खोटं कशाला सांगू. ह्या माणसाने मला अक्षर दिलं होतं.

वॉर्डनने पाठ केल्यासारखं म्हटलं, "ह्या तिघांसमोर मी क्षमा मागतो. माझ्याकडून काही अपराध घडला असेल तर."

"घडला असेल तर?"

"माझं म्हणून झालंय."

"पापाचं नाव घ्या," मी म्हणाले. "म्हणा, मी हिला आणि हिच्या आईला शंभर माणसांत नीट ज्यू नाही म्हणालो. तेवढं म्हणा. मी ह्याच दारात माफ करते."

शेजारच्या घरातली बाई खिडकीतून बघत होती. वॉर्डनने तोंड उघडलं. मला वाटलं, म्हणतोय. खरंच वाटलं. मग तो तिघांकडे वळला आणि म्हणाला, "तीनदा झालं. तुम्ही साक्षीदार." आणि गाडीकडे चालू लागला. मामा त्याच्या मागोमाग गेला. अकाउंटंट जाता जाता कुजबुजला, "एवढं कठोर होऊ नये, आजच्या दिवशी तरी." मिस्टर फिंक सगळ्यांत शेवटी वळले.

आई मागे उभी होती. तिला सगळं कळलं होतं. ती म्हणाली, "भात करपतोय."

पाच मिनिटांत जोनाथनचा फोन. मामाने फोनबॉक्समधून कळवलं असणार. "काय केलंस तू हे? त्याने तीनदा मागितली. आता लोक तुला बोलतील. सही कर ना गं, एका कागदाने काय होतं? मला माहितीये तू ज्यू आहेस."

"तुला माहितीये ना?"

"अर्थात."

"मग त्या दिवशी हसलास कशाला?"

मी थांबले. मनातून म्हणत होते, बोल रे, काहीतरी बोल. चार वर्षं आम्ही एकत्र होतो. त्याच्या बहिणीच्या मुलांना मी मराठीत दहा आकडे शिकवले होते. तो म्हणाला, "तूही हसली होतीस."

"हो. मी चुकले. मी शंभर माणसांत माझ्या आईवर हसले. हे माझं पाप, आणि बघ, मी त्याचं नाव घेतलं. आता तुझं तू घे."

त्याने घेतलं नाही. मी म्हटलं, "मी सही करणार नाही, जोनाथन. त्या सिनेगॉगमध्ये आपलं लग्न त्याशिवाय होणार नसेल, तर नाही होणार." फोन ठेवला. आईला सांगितलं. ती रडली. मीही रडले. मग आम्ही भात खाल्ला, करपलेला बाजूला काढून, आणि उपासाला बसलो. संध्याकाळी आम्ही दोघी सिनेगॉगला गेलो. बायकांच्या गॅलरीत आम्ही बसलो त्या बाकावर आणखी कोणी बसलं नाही. खाली पुरुष छाती बडवून सगळ्या पापांची यादी म्हणत होते, आम्ही हे केलं, आम्ही ते केलं. वॉर्डनचा आवाज सगळ्यांत मोठा होता.

पुढच्या मंगळवारी मी वर्गाला गेले. माझी खुर्ची पुन्हा दाराजवळ ठेवलेली होती. मी ती उचलली, टेबलापाशी आणली आणि बसले. मिस्टर फिंक माझ्याकडे बघेनात. मीच विचारलं, "का आलात?"

"तीन माणसं लागतात," ते म्हणाले. "मला बोलावलं. मी इथे पाहुणा होतो, आठ वर्षांचा, एका सूटकेससकट. वॉर्डनच्या बापाने मला ठेवून घेतलं." मग हळूच, "हे कारण आहे. माफी नाही."

"मग माफी मागा."

त्यांनी चष्मा काढला. "तू बरोबर वाचतेस हे मला ठाऊक होतं, आणि तरी मी तुझ्या दारात त्याच्या बाजूने उभा राहिलो." सगळ्यांसमोर म्हणाले.

"माफ केलं," मी म्हणाले. लगेच. एवढंच लागतं हो. एवढंच.

मग आम्ही पान उघडलं. त्या दिवशीच्या ओळीत होतं, की ज्याचं वाईट केलं तो माणूस माफ न करता मेला तर काय करायचं. दहा माणसं घेऊन त्याच्या कबरीपाशी उभं राहायचं आणि म्हणायचं, मी देवाविरुद्ध आणि ह्या माणसाविरुद्ध पाप केलं. अकाउंटंटने चोरून माझ्याकडे पाहिलं.

"सर," मी म्हणाले, "वॉर्डनना निरोप द्या. मी अठ्ठावीस वर्षांची आहे, मला मरायची घाई नाही. मी बुडी मारणार नाही. मी हे सिनेगॉगही सोडणार नाही. दर शनिवारी आईला घेऊन गॅलरीत पहिल्या बाकावर बसणार, त्यांना वर बघितलं की दिसेल असं. माझ्या जिवंतपणी म्हटलं तर त्यांना दहा माणसं लागणार नाहीत."

"आणि ते आधी गेले तर?" मिस्टर फिंकनी विचारलं.

"तर तसेच जातील. पुढची ओळ वाचा."